ज्यांचा नंबर लागला नाही

१२ नोव्हेंबर, सौंसर

अनुराधा मॅडमनी रोज क्षेत्रनोंद लिहायला सांगितली आहे. ती संध्याकाळी पुण्याला पाठवायची, तिथे सगळी टीम वाचते. ही वही वेगळी. ही कुणी वाचणार नाही, त्यामुळे इथे वाक्यं नीट करायची गरज नाही. तरी करीन. सवय आहे.

कामाचं स्वरूप एकदा लिहून ठेवते. पांढुर्णा आणि सौंसर तालुक्यांतल्या बारा गावांमधली शिकलेली, काम शोधणारी मुलं-मुली आम्ही नोंदवली आहेत. मुलाखती होतात बोरगावच्या कारखान्यांत, छिंदवाड्याला, नाहीतर नागपूरला. मॅडमचा अंदाज असा की काम अगदीच नाही असं नाही, पण तिथपर्यंत जाण्याचा खर्च आणि कटकट यामुळे मुलं थांबतात. हे तपासायचं तर निम्म्यांना प्रवासाचा पास द्यायचा, निम्म्यांना द्यायचा नाही. कुणाला द्यायचा हे नशिबावर सोडायचं, म्हणजे दोन्ही गट सारखे राहतात. मग काही महिन्यांनी विचारायचं, कोण किती मुलाखतींना गेलं. ज्यांना पास नाही त्यांना नियंत्रण गट म्हणतात. त्यांच्यासाठी काही करायचं नाही आणि त्यांना काही सुचवायचंही नाही. ते आहेत तसे राहिले पाहिजेत, तरच तुलना होते.

माझा करार मार्चअखेरपर्यंत. निष्कर्ष चांगले आले तर दुसरा टप्पा, दोन वर्षांचा.

खोली बरी आहे. घरमालकीण शकुबाई विचारत होत्या, "एकट्या पोरीले एवढ्या दूर पाठवलं, घरच्यायनं काई म्हटलं नाही काय?" मी म्हटलं, नाही. हे खरं नव्हतं, पण उत्तर छोटं होतं.

१६ नोव्हेंबर

रामाकोन्याची पाहणी. सोबत गजेंद्र. तो सावरगावचा, एम. ए. झालेला, आमचा स्थानिक सहायक. मोटरसायकल त्याची, पेट्रोल प्रकल्पाचं. कपाळावर गोटमारीची, म्हणजे पोळ्यानंतरच्या दगडफेकीच्या जत्रेची, जुनी खूण आहे आणि ती कशी पडली याच्या दोन वेगवेगळ्या गोष्टी त्याने मला आतापर्यंत सांगितल्या आहेत. वाटेत म्हणाला, "मॅडम, एवढं शिकून शेवटी मले नोकरी भेटली ते बेरोजगार मोजायची."

शेवटचं घर रघुनाथरावांचं. संत्र्याचा बगीचा, थोडा कापूस. उत्तरं द्यायची होती त्यांच्या मुलीने, दामिनीने, पण पहिल्या चार प्रश्नांची त्यांनीच दिली. मी म्हटलं, काका, यांनाच सांगू द्या.

"सांगू द्या न. मी कुठी अडवून राहिलो? एकडाव सुरू झाली तं मंग थांबत नाही, म्हणून म्हटलं तुमचा टाइम वाचवा."

दामिनी तेवीस वर्षांची, रसायनशास्त्र घेऊन बी. एस्सी. गेल्या दोन महिन्यांत तीन मुलाखती. "बोरगावले दोनदा गेली, नागपूरले एकदा. नागपूरवाल्यायनं पत्ता पाहून म्हटलं, मध्य प्रदेशातून रोज कशी येशीन? मी म्हटलं, रेल्वेनं. ते हसले."

काम न मिळण्याच्या कारणांचे आठ पर्याय आहेत. मी वाचून दाखवले. तिने सगळे ऐकून घेतले आणि म्हणाली, "यातलं एकबी नाही. मले अजून नाही भेटलं, इतकंच."

मी 'इतर' लिहिलं.

निघताना रघुनाथराव फाटकापर्यंत आले. "दोन साल झाले, मॅडम. तिले जा म्हणावं तं भेव वाटते, नको म्हणावं तं पाप वाटते. कोणी येऊन मले एक काईतरी सांगून टाकावं." हे प्रश्नावलीत कुठे बसत नाही. म्हणून इथे.

२० नोव्हेंबर

पहिल्या दोन गावांत पासची निवड संगणकावर केली, काही अडचण आली नाही. आज तिसऱ्या गावात गोंधळ झाला. यादी वाचली तर सरपंचांचा पुतण्या पासवाल्यांत निघाला. हे घडण्याची शक्यता निम्मी होती. लोकांना ते पटवणं मला जमलं नाही. एक जण म्हणाला, "ते मशीन तुमच्याच मांडीवर आहे न, मॅडम."

परत येताना गजेंद्र म्हणाला, "आमच्या इकडं कम्प्युटरची यादी म्हणजे सरपंचाची यादी. ईश्वर चिठ्ठी टाका. चिठ्ठीवर कोणी बोलत नाही. बगीच्याच्या वाटण्या चिठ्ठीनं होतेत इथं, भाऊ भाऊ मानतेत."

मी नियम तपासले. सगळ्यांसमोर चिठ्ठ्या काढल्या तरी शक्यता तीच राहते. मॅडमना फोन केला, त्यांनी लगेच होकार दिला. उरलेल्या नऊ गावांत चिठ्ठ्या.

२४ नोव्हेंबर

रामाकोना, समाज मंदिर. पत्र्याखाली गर्दी बरीच. ज्यांचा काही संबंध नाही तेही आले होते.

निम्म्या चिठ्ठ्यांवर 'पास', निम्म्या कोऱ्या. मी त्या सगळ्यांसमोर मोजून दाखवल्या. देवळाची व्यवस्था बघणारे नत्थूजी तांब्याचा गुंड, पाणी भरायचं मोठं भांडं, घेऊन आले, घासूनपुसून लख्ख केलेला. चिठ्ठ्या त्यात टाकल्या. मग त्यांनी उदबत्ती लावली, गुंडाला हळदकुंकू वाहिलं आणि मला विचारलं, "नारळ फोडू न, मॅडम?" मी म्हटलं, फोडा. हरकत घेण्यासारखं काही नव्हतं; नारळाने शक्यता बदलत नाही. नत्थूजी डोळे मिटून मोठ्यांदा म्हणाले, "देवा, ज्याच्या नशिबात असन त्याले दे." सगळ्यांनी हात जोडले. माझ्या हातात यादी होती.

चिठ्ठ्या एका लहान मुलीने काढल्या. नाव पुकारायचं, तिने गुंडात हात घालायचा. कुजबुज नाही, शंका नाही. कामाच्या दृष्टीने आजवरची सर्वांत चांगली निवड.

दामिनीची कोरी निघाली. ती पुढे येऊन म्हणाली, "ताई, परत कधी टाकणार?"

मी म्हटलं, "परत नाही. एकदाच. हे अंतिम आहे."

रघुनाथराव मागे उभे होते. त्यांनी खोबऱ्याचा तुकडा घेतला, कपाळाला लावला आणि खाल्ला.

३ डिसेंबर

नऊही गावं झाली. गजेंद्रचं म्हणणं, बेरोजगारी हटो न हटो, सौंसरच्या नारळवाल्याचा धंदा आपण उभा केला.

१८ डिसेंबर

नाशिकहून आईचा फोन. जागा कायम कधी होणार? मी म्हटलं, दुसरा टप्पा आला की. बाबा शेजारी होते हे आवाजावरून कळत होतं. ते फोनवर आले नाहीत. मीही द्या म्हटलं नाही.

एम. एस्सी. नंतरच्या माझ्या रिकाम्या वर्षाबद्दल मॅडमनी मुलाखतीत एकही प्रश्न विचारला नव्हता. बाकी सगळ्यांनी विचारला होता. मॅडमच्या कामाबद्दल मला जो आदर आहे त्याचा याच्याशी संबंध नाही.

२८ जानेवारी

दुसऱ्या फेरीची पाहणी सुरू. आज रामाकोना.

दामिनी अंगणात मृग बहराची संत्री निवडत बसली होती, मोठी एकीकडे, डागी एकीकडे. तिच्या आईने, लीलाकाकूंनी, मला पाट दिला. रघुनाथराव बगीच्यात होते.

दोन महिन्यांत मुलाखती? "एकबी नाही." अर्ज? "नाही." आलेली बोलावणी? "एक आहे. बोरगावले, तेलाच्या कारखान्याच्या लॅबमदी. जुना अर्ज होता. वीस फेब्रुवारीले बोलावलं."

"जाणार?" हा प्रश्न यादीत नव्हता.

"नाही."

"का?"

तिने हातातलं संत्रं फिरवून पाहिलं. "ताई, तुमच्यासमोरच तं झालं."

मला कळलं नाही. तेव्हा लीलाकाकू बोलल्या. चिठ्ठ्या टाकायच्या आदल्या दिवशी रघुनाथराव घरात म्हणाले होते, आता देवालेच विचारू. पोरीची चिठ्ठी निघाली तर अजून एक साल शोधू दे. नाही निघाली तर समजू की तिच्या नशिबात नोकरी नाही, आणि पाहुणे पाहू. "त्या दिवसापासून मात्र त्यायले झोप लागते," काकू म्हणाल्या. "दोन साल लागत नव्हती."

काटोलचे पाहुणे फेब्रुवारीअखेर येणार आहेत. मुलगा चांगला आहे, असं दोघींनी सांगितलं.

"ती चिठ्ठी फक्त पासची होती," असं म्हणणं माझ्या तोंडाशी आलं होतं. नियंत्रण गटाला काही सुचवायचं नाही. मी पुढचा प्रश्न विचारला.

"मलेबी तसंच वाटते आता," दामिनी मध्येच म्हणाली. "एवढ्या पोट्ट्यायमदी नेमकी माहीच कोरी. काईतरी असनच न."

घरी येऊन पाहिलं तर तिचा सतरावा प्रश्न विचारायचा राहिला आहे. परत जावं लागेल.

२ फेब्रुवारी

पहिले आकडे आले. पासवाल्यांत दहातले चार जण मुलाखतींना गेले. पास नसलेल्यांत दहातले दोनही नाहीत. दुपटीहून जास्त फरक. मॅडमचा फोन आला, त्या इतक्या मोकळेपणाने बोलल्याचं मला आठवत नाही. "अमृता, आपला अंदाज खरा ठरला. दुसरा टप्पा आता कोण अडवतंय बघू." त्यात माझं पद वरचं असेल असंही म्हणाल्या.

मला आनंद झाला. शकुबाईंनी विचारलं, "आज तब्येत बरी नाही काय, पोरी?"

५ फेब्रुवारी

पांढुर्ण्याहून येताना रामाकोन्याला जाऊन सतरावा प्रश्न विचारला. गजेंद्र म्हणाला, "पण मॅडम, पांढुर्ण्याहून सौंसरले येताना रामाकोना रस्त्यात लागत नाही." मी म्हटलं, नोंद अपुरी ठेवता येत नाही. तो म्हणाला, "फोनवर विचारता आलं असतं न." मी म्हटलं, रेंज नसते. रेंज असते.

सतरावा प्रश्न : घरात किती मोबाइल आहेत? दोन.

८ फेब्रुवारी

आज जे काम केलं ते पहिल्याच दिवशी करायला हवं होतं. नोव्हेंबरच्या आकड्यांशी तुलना.

नोव्हेंबरमध्ये, पास द्यायच्या आधी, दहातले चार जण मुलाखतींना जात होते. सगळेच. आता पासवाल्यांत दहातले चार. म्हणजे पासने काहीही झालेलं नाही. फरक दिसतो तो वर चढण्याचा नाही. दुसरा गट खाली घसरला, त्याचा आहे.

संत्र्याचा आणि कापसाचा हंगाम असेल, असं आधी वाटलं. पण हंगाम दोन्ही गटांना सारखाच. मग गावं वेगळी केली. संगणकाने निवड केलेल्या तीन गावांत पास नसलेले अजूनही जात आहेत, दहातले चार. घसरण फक्त चिठ्ठीच्या नऊ गावांत.

मुलाखती थांबल्या त्या पास न मिळाल्याने नव्हे, चिठ्ठी कोरी निघाल्याने. एका दामिनीच्या घरी झालं ते नऊ गावांत झालं आहे. काम शोधण्यातल्या अडथळ्यांचा अभ्यास करायला आम्ही आलो आणि एक नवा अडथळा तयार केला. तो गुंडात घालून, नारळ फोडून.

"हे अंतिम आहे" असं मी म्हटलं होतं. मला निवडीबद्दल म्हणायचं होतं.

१० फेब्रुवारी

मॅडमना सगळं पाठवलं. त्यांनी बराच वेळ आकडे पाहिले असावेत. फोन दुपारनंतर आला. आवाज शांत होता. म्हणाल्या, तुझं बरोबर दिसतंय. पण पक्कं म्हणायला शेवटची फेरी हवी, मार्चअखेरची. तोपर्यंत कुणाशी काही बोलू नकोस. आता बोललीस तर कशामुळे काय झालं हे कधीच कळणार नाही. त्यानंतर आपण स्वतः प्रत्येक गावात जाऊन समजावून सांगू.

पद्धत म्हणून त्यांचं म्हणणं योग्य आहे. त्यांच्या जागी मी हेच म्हटलं असतं.

मार्चअखेरपर्यंत बोरगावची मुलाखत आणि काटोलचे पाहुणे, दोन्ही होऊन गेलेले असतील. हे एका व्यक्तीचं उदाहरण आहे. एका उदाहरणावरून काही सिद्ध होत नाही.

१४ फेब्रुवारी

काही नाही. आकडे पुन्हा तपासले. तेच आहेत.

१७ फेब्रुवारी

गेले. हे मी कुणाला न विचारता केलं, तेव्हा नीट लिहून ठेवते.

रघुनाथराव घरीच होते, पेट्या भरणं चाललं होतं. त्यांना वाटलं, पुन्हा मोबाइल मोजायला आले. मी म्हटलं, आज प्रश्न नाहीत, मला सांगायचं आहे. मग सांगितलं. निम्म्या चिठ्ठ्या कोऱ्या होत्या, त्या कुणाला ना कुणाला जाणारच होत्या. पास मिळालेले जास्त लायक नव्हते आणि कोरी निघालेले कमी नव्हते. कोऱ्या चिठ्ठीचा दामिनीच्या नोकरीशी काही संबंध नाही.

त्यांनी शांतपणे ऐकलं. "ईश्वर चिठ्ठी होती न ते?"

"नाव तसं होतं. पण त्यात..." देव नव्हता, असं म्हणणार होते. म्हटलं नाही.

"गुंड देवळाचा होता. उदबत्ती लावली. नारळ तुमाले विचारून फोडला, मॅडम. तवा काऊन नाही म्हटलं?"

मी म्हटलं, "चुकलं माझं. मला वाटलं, त्याने काही फरक पडत नाही."

"आमाले पडते."

"हो. ते मला नंतर कळलं."

ते पुन्हा पेटीकडे वळले. लीलाकाकू दारात येऊन उभ्या राहिल्या होत्या, दामिनी त्यांच्या मागे. मला वाटलं, संपलं. मग आठवलं ते विचारलं, "काका, वाटणीच्या वेळी चिठ्ठी टाकतात, तेव्हा आधी काय ठरवतात?"

"कायची चिठ्ठी आहे ते. वरचा बगीचा कोणाले, खालचा कोणाले. ते ठरवल्याबिगर कशी टाकणार?"

"मग वरच्या बगीच्याची चिठ्ठी टाकली आणि भाऊ म्हणाला, यात विहीरही आली, तर?"

"कशी येईन? विहिरीचं विचारलंच नाही."

"आम्हीही पासचंच विचारलं होतं. पोरीनं नोकरी करावी की नाही, हे त्या दिवशी कुणीच विचारलं नाही. तुम्ही मनात विचारलं असेल. पण गुंडात त्याची चिठ्ठीच नव्हती."

हातातलं संत्रं त्यांनी पेटीत ठेवलं नाही, परतही टाकलं नाही. मग म्हणाले, "हे मातर खरं आहे."

मला बरं वाटलं. ते फार टिकलं नाही.

"मंग आता विचारू," ते म्हणाले. "लीला, देवघरातला गडवा आण. मॅडम, तुमीच लिहा, तुमचं अक्षर चांगलं आहे. एकावर जा, एकावर नको जाऊ."

हा दोष माझ्याच युक्तिवादातला होता, आणि तो मला आधी दिसला नव्हता. लिहायला नकार दिला तर ते दुसऱ्या कुणाकडून लिहून घेतील. लिहिलं तर निम्मी शक्यता. दोन्हींवर 'जा' लिहिता येईल, हेही मनात आलं. ते मी करणार नव्हते. बहुतेक. काकू गडवा, म्हणजे लहान तांब्या, घेऊन आल्या.

"बाबा," दामिनी म्हणाली, "मी जाऊन येतो. चिठ्ठी आल्यावर टाका."

"आल्यावर टाकून काय फायदा? तवा तं होऊन गेलं राहीन."

"तेच म्हणून राहिली."

लीलाकाकू हसल्या. पदर तोंडाला लावला, पण ते हसणंच होतं. रघुनाथराव आधी त्यांच्याकडे, मग माझ्याकडे बघायला लागले, जणू ही आम्ही तिघींनी मिळून केलेली गंमत आहे.

"अन् काटोलवाले?"

"येऊ द्या न. मी लपून थोडी राहिली? त्यायलेबी सांगन, बोरगावले जाऊन आली म्हणून."

"मले पुन्हा झोप नाही लागणार," ते म्हणाले. कुणालाच उद्देशून नाही.

"नका झोपू. संत्र्याचे ट्रक भरा," काकू म्हणाल्या, आणि गडवा घेऊन आत गेल्या.

मी पाणी पिऊन निघाले. तो जा म्हणाला नाही, नको म्हणाला नाही. मी 'तो' लिहिलं. रघुनाथरावांना 'ते' म्हणायचं होतं. खोडत नाही.

१९ फेब्रुवारी

एका घरी सांगायचं आणि बाकीच्यांना नाही, हा पक्षपात झाला असता. म्हणून काल आणि आज गजेंद्र आणि मी उरलेल्या आठ गावांत गेलो आणि समाज मंदिरात सगळ्यांना सांगितलं. रामाकोन्याच्या बाकीच्यांनाही. काहींना पटलं. एका गावात एक मुलगा म्हणाला, "मंग पास द्या न आता." एका म्हातारीने विचारलं की मग नारळाचे पैसे कोण परत देणार. गजेंद्र माझ्यापेक्षा चांगलं बोलतो. मी सरासरी सांगते, तो म्हणतो, "अरे, तुमी रेल्वेचा फॉर्म भरता तवा एवढ्या लाखातून नाही निघत नाव, तरी पुन्हा भरताच न? मंग ह्या एका कागदाले काऊन भ्याले?"

परतताना मी त्याला म्हटलं की याने दुसरा टप्पा बहुधा जाईल, आणि त्यात त्याचंही काम होतं. त्याने गाडीचा वेग कमी केला. मग म्हणाला, "हे काल सकाळी नव्हतं सांगायचं काय?" मी म्हटलं, सांगायला हवं होतं. "सांगितलं असतं तरी आलो असतो," तो म्हणाला. "पण थोडा वेळ विचार केल्याचं नाटक केलं असतं."

२० फेब्रुवारी

दिवसभर आकड्यांची साफसफाई. फोन जवळ ठेवला होता, चार्जिंग कमी होतं म्हणून.

२४ फेब्रुवारी

दामिनीचा फोन. तिला घेतलं नाही. जी मुलगी घेतली तिला तेलाच्या तपासणीचं ते मोठं मशीन चालवता येतं, हिला येत नाही.

मी वाईट वाटलं असं म्हटलं. ती म्हणाली, "नाही ताई, ऐका न. त्या साहेबानं माह्या तोंडाकडे पाहून नाही म्हटलं, अन् काऊन तेबी सांगितलं. मी विचारलं, हे मशीन कुठी शिकवतेत? तं म्हणे नागपूरले, दोन महिन्यांचं आहे. पत्ता लिहून आणला."

"आणि बाबा?"

"बाबा म्हणतेत, एवढंसं मशीन न येण्यासाठी आपण देवाले मधात कायले आणलं."

काटोलचे पाहुणे येऊन गेले. अजून काही ठरलेलं नाही. त्यांनी विचारलं, बोरगावला एकटी गेली होती का. तिने सांगितलं, हो.

३ मार्च

मॅडमना सविस्तर कळवलं होतं : काय केलं, कधी केलं, कुणाला न विचारता केलं. आज उत्तर आलं. मी अभ्यास बिघडवला, हे त्यांना अहवालात लिहावं लागेल. चिठ्ठीबद्दलचा शोध माझा, हेही त्या लिहिणार आहेत, माझ्या नावानिशी. दुसरा टप्पा स्थगित. करार मार्चअखेर संपेल. खाली एक ओळ हाताने लिहून तिचा फोटो पाठवला होता : "मला विचारलं असतंस तर नारळाला होकार मीही दिलाच असता."

घरी अजून कळवलेलं नाही.

२६ मार्च

नागपूरला एका संस्थेत मुलाखत होती. सौंसरहून सकाळची गाडी घेतली. डब्यात शिरले तर समोर दामिनी आणि रघुनाथराव. ते रामाकोन्यापासून बसून आलेले. ती मशीनच्या क्लासमध्ये नाव घालायला निघाली होती, आणि ते "क्लास कसा आहे ते पाहाले."

"तुमी कुठी, मॅडम?"

"नागपूरला. थोडं काम आहे."

दामिनीने माझ्या मांडीवरची प्लॅस्टिकची फाइल पाहिली. तिच्या मांडीवर तसलीच होती. लोधीखेडा गेल्यावर बाबांचं लक्ष खिडकीबाहेर आहे हे पाहून हळूच म्हणाली, "ताई, मधातल्या खाली वर्षाचं विचारतेत. आधीच सांगून टाकायचं, मंग ते विचारत नाहीत." मी मान हलवली. मी तिला कधीही काही सांगितलं नव्हतं.

इतवारी स्टेशनला उतरल्यावर रघुनाथराव फलाटावर थांबले. क्लासपर्यंत जाण्याचा विचार त्यांनी गाडीतच सोडून दिला असावा. म्हणाले, "तू जा. मी इथंच बसतो." मग माझ्याकडे वळून म्हणाले, "तुमीबी. नाही म्हटलं त्यायनं तं नाही म्हटलं. भेव नका ठेवू. परतीच्या गाडीच्या टायमाले दोघीबी इथं या."

मी हो म्हटलं.

मुलाखत कशी झाली ते सांगता येत नाही. मुलाखत घेणाऱ्या चौघांपैकी दोघे लिहून घेत होते. रिकाम्या वर्षाचं मी आधीच सांगितलं.

स्टेशनवर पोचायला उशीर झाला, गाडी सुटायच्या बेतात होती. रघुनाथराव डब्याच्या दारात उभे राहून गर्दीत बघत होते. आत एका बाकावर त्यांनी आपलं उपरणं पसरून जागा धरली होती, आणि दामिनी एका माणसाला सांगत होती, "इथं नका बसू, काका. आमच्या घरची एक यायची आहे."